‘मुभा राखून’ : कोर्टातला दावा मागे घेण्याविषयी एक पाठ



मागील अंकातल्या कामाच्या अहवालात एक लहानशी ओळ होती. नंदुरबार जिल्ह्यातल्या एका विधवा बहिणीचा जमिनीचा दावा ‘नव्याने दाखल करण्याची मुभा राखून’ मागे घेण्यात आला, एवढेच त्यात लिहिले होते. ती ओळ वाचून काही मंडळ्यांमधून विचारणा झाली. एका बहिणीने विचारले, “इतकी वर्षे आम्ही या कुटुंबासाठी प्रार्थना केली, दान पाठवले, आणि शेवटी माघारच घेतली का?” एका वडीलधाऱ्या बंधूंनी लिहिले की, हरलेल्या दाव्याला आपण गोड नाव तर देत नाही ना?

प्रश्न रास्त आहे. ज्यांचे दान या कामात आहे त्यांना विचारण्याचा हक्क आहे. म्हणून या अंकाचा अभ्यास लेख याच विषयावर लिहीत आहे. मी वकील नाही. पाड्यांवर काम करताना लोकांबरोबर कोर्टाच्या पायऱ्या चढाव्या लागल्या, आणि आमच्या वकील साहेबांना पुन्हा पुन्हा विचारून जे समजले तेच येथे सोप्या शब्दांत मांडते.

१. बाहेर पडण्याचे दोन दरवाजे

आपल्या देशात जमीन, वाटणी, ताबा अशा दाव्यांचे कामकाज दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ प्रमाणे चालते. त्यातल्या आदेश २३, नियम १ मध्ये दावा मागे घेण्याविषयी सांगितले आहे. ज्याने दावा लावला तो वादी. वादीला दाव्यातून बाहेर पडायचे असेल तर कायद्याने दोन दरवाजे ठेवले आहेत.

पहिला दरवाजा सोपा आहे. वादी कोणत्याही वेळी कोर्टात पुरसिस देऊन, म्हणजे लेखी कळवून, आपला दावा काढून घेऊ शकतो. परंतु या दरवाजातून बाहेर पडले की तो मागून बंद होतो. त्याच प्रतिवादीविरुद्ध, त्याच विषयाबद्दल, पुन्हा दावा लावता येत नाही. शिवाय समोरच्याचा खर्च द्यावा लागू शकतो.

दुसऱ्या दरवाजासाठी कोर्टाची परवानगी लागते. वादी अर्ज करतो की, मला हा दावा मागे घ्यायचा आहे, पण याच विषयावर नवा दावा लावण्याची मुभा द्यावी. कोर्ट दोन कारणांनी अशी मुभा देऊ शकते. एक, दाव्यात असा तांत्रिक दोष आहे की त्यामुळे तो फेटाळलाच जाईल. दोन, नवा दावा लावू द्यावा असे दुसरे पुरेसे कारण आहे. तांत्रिक दोष म्हणजे मांडणीतला दोष. मिळकतीचे वर्णन चुकणे, आवश्यक पक्षकार राहून जाणे, सरकारविरुद्ध दावा लावताना आधी द्यायची नोटीस न देणे, ही त्याची नेहमीची उदाहरणे. आपल्याजवळ पुरावा कमी पडला, साक्षीदार फिरला, निकाल विरुद्ध जाईल असे वाटू लागले, ही तांत्रिक दोषाची कारणे नव्हेत.

ही मुभा मागितली की मिळतेच असेही नाही. ‘के. एस. भूपती विरुद्ध कोकिला’ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००० साली सांगितले की, कोर्टाने ही परवानगी सरसकट देऊ नये. हे योग्यच आहे. समोरचा माणूसही तारखांना आलेला असतो, त्यानेही वकील लावलेला असतो. त्याला एकाच गोष्टीसाठी पुन्हा पुन्हा कोर्टात ओढणे अन्यायाचे होईल. म्हणून कोर्ट मुभा देताना बहुधा खर्चाची अटही घालते.

आणखी एक गोष्ट. एका दाव्यात अनेक वादी असतील तर बाकीच्यांच्या संमतीशिवाय एकाला अशी परवानगी देता येत नाही. भाऊबंदांनी मिळून लावलेल्या दाव्यात हे फार महत्त्वाचे आहे. एकाला फोडले म्हणून सगळ्यांचा दावा मागे जात नाही.

२. मावशींच्या शेताचे काय झाले

आता ज्या दाव्याबद्दल विचारणा झाली त्याकडे येऊ. या बहिणीला आम्ही सगळे मावशी म्हणतो. नवरा गेल्यावर सातबाऱ्यावर त्यांचे नाव लागले. शेजारच्या शेतकऱ्याने दरवर्षी दोन-चार तास बांधाच्या अलीकडे नांगरत एक चांगला पट्टा आपल्या शेतात घेतला. मावशींनी ताब्यासाठी तालुक्याच्या कोर्टात दावा लावला. त्या वेळी आपली संस्था या कुटुंबाच्या संपर्कात नव्हती. दावा जुन्या कागदांवरून तयार झाला होता.

पुरावा सुरू झाला, आणि भूमी अभिलेख खात्याची मोजणी झाली. मोजणीच्या नकाशावरून कळले की, जो पट्टा गेला आहे तो दाव्यात लिहिलेल्या गटात नाहीच. तो मावशींच्याच, पण शेजारच्या दुसऱ्या गटात आहे. आपल्याकडे जमिनींचे एकत्रीकरण झाले तेव्हा जुन्या सर्व्हे नंबरांचे नवे गट झाले. जुना कागद एक आकडा सांगतो, नवा दुसरा. मावशींच्या दाव्यात गट क्रमांक चुकला आणि त्याबरोबर चतुःसीमाही चुकल्या.

वकील साहेबांनी आम्हाला समोर बसवून तीन वाटा सांगितल्या.

पहिली वाट, दावा तसाच चालवायचा. पण समजा जिंकलो, तर हुकूमनामा चुकीच्या गटाचा होणार. बेलिफ ताबा द्यायला येईल तो कोणत्या जमिनीचा? आणि हरलो तर पुढे ‘या वादाचा निकाल आधीच झाला आहे’ असे समोरचा म्हणणार.

दुसरी वाट, दाव्यात दुरुस्ती करून घ्यायची. चूक लहान असेल आणि काम सुरुवातीला असेल तर हीच वाट आधी पाहावी. पण पुरावा सुरू झाल्यावर दुरुस्ती मिळणे अवघड असते. योग्य ती काळजी घेऊनही ही गोष्ट आधी मांडता आली नसती, हे कोर्टाला पटवावे लागते. येथे तर गट, चतुःसीमा, नकाशा सगळेच बदलणार होते.

तिसरी वाट, चूक उघडपणे सांगायची, दावा मागे घ्यायचा आणि नव्या दाव्याची मुभा मागायची.

मावशी सगळे ऐकत होत्या. त्यांनी मला विचारले, “ताई, कागद परत घेतला म्हणजे शेत त्याचं झालं का?”

मी म्हटले, “नाही मावशी. कोर्टाने तसं लिहून दिलं तर आपल्याला पुन्हा मांडता येतं.”

त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “म्हणजे दुबार पेरणी. पण मग घरात बी पाहिजे, आणि नक्षत्र टळायला नको.”

इतक्या थोड्या शब्दांत ही गोष्ट मलाही सांगता आली नसती. बी म्हणजे पुरावा: सातबारा, फेरफार, मोजणीचा नकाशा. आणि नक्षत्र म्हणजे कायद्याने घातलेली मुदत. तिसऱ्या वाटेचा अर्ज मावशींच्या संमतीने झाला. समोरच्या वकिलांनी हरकत घेतली. कोर्टाने दोघांचे ऐकून, विरुद्ध पक्षाला खर्च देण्याच्या अटीवर मुभा दिली. तो खर्च तुमच्या दानातून भरला, आणि पावती फाइलला लावली आहे.

३. मुभा मिळाली तरी सांभाळायच्या गोष्टी

पहिली गोष्ट मुदत. पुष्कळांना वाटते की जुना दावा कोर्टात होता तेवढा काळ मोजला जाणार नाही. तसे नाही. आदेश २३, नियम २ सांगतो की नव्या दाव्याला मुदतीचा कायदा असा लागू होतो, जणू पहिला दावा लावलाच नव्हता. मालकीच्या आधारे जमिनीचा ताबा मागायला मुदत कायदा, १९६३ प्रमाणे १२ वर्षे मिळतात. समोरच्याचा ताबा आपल्या हक्काविरुद्ध झाला तेव्हापासून ती मोजली जातात. पहिला दावा आठ वर्षे चालला असेल तर ती आठ वर्षेही या बारांत गेली. ज्या कोर्टाला अधिकारच नव्हता अशा कोर्टात चांगल्या हेतूने घालवलेला काळ काही बाबतीत वजा मिळतो, मुदत कायद्याच्या कलम १४ प्रमाणे. पण मावशींच्या दाव्यात कोर्ट बरोबर होते, वर्णन चुकले होते. म्हणून ही सवलत आपली नाही असे धरूनच आम्ही चाललो. अर्ज करण्याआधी वकील साहेबांनी वर्षांचा हिशेब कागदावर मांडला, आणि मुदत शिल्लक आहे हे पाहूनच पाऊल उचलले. मुदत संपलेली असेल तर ‘मुभा राखून’ हे शब्द कागदावरच राहतात.

दुसरी गोष्ट मनाई हुकूम. जुन्या दाव्यात मिळालेला तात्पुरता मनाई हुकूम त्या दाव्याबरोबरच संपतो. नवा दावा लावून नवा अर्ज होईपर्यंत जमिनीला ते कुंपण राहत नाही. म्हणून नव्या दाव्याचे कागद आधी तयार करावेत, आणि मगच जुना मागे घ्यावा.

तिसरी गोष्ट आदेशातले शब्द. कोर्टात तोंडी बोलणे झाले, साहेबांनी मान हलवली, एवढ्यावर घरी येऊ नये. आदेशात ‘दावा मागे घेतला, निकाली काढला’ एवढेच असेल तर तो पहिला दरवाजा आहे. ‘त्याच विषयावर नवा दावा लावण्याची परवानगी देण्यात येते’ असे स्पष्ट असेल तर तो दुसरा. अर्जातही लिहावे की, ही मुभा देता येत नसेल तर आमचा दावा पुढे चालवावा. आदेशाची साक्षांकित नक्कल त्याच आठवड्यात मागावी. खर्चाची अट असेल तर नव्या दाव्याच्या आधी ती रक्कम भरून पावती ठेवावी.

४. हायकोर्टातली याचिका

आपल्या भागातले काही वनहक्काचे विषय मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापर्यंत जातात. तेथे दावा नसतो, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली याचिका असते. याचिका मागे घेतानाही हीच काळजी लागते.

यावरचा प्रसिद्ध निकाल ‘सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस’ या प्रकरणाचा आहे. सरगुजा हा आज छत्तीसगडमध्ये असलेला आदिवासी मुलूख, पण हा वाद बसवाहतुकीच्या परवान्याचा होता. पहिली याचिका पुन्हा येण्याची परवानगी न मागता मागे घेतली गेली. नंतर त्याच कारणासाठी दुसरी आणली, ती उच्च न्यायालयाने ऐकली नाही. १९८६ साली सर्वोच्च न्यायालयाने ते योग्य ठरवले. दिवाणी दाव्याच्या नियमामागचे तत्त्व याचिकांनाही लागू करावे, नाहीतर लोक एका न्यायाधीशांपुढून याचिका काढून दुसऱ्यांपुढे नेत राहतील, असा त्याचा आशय. मात्र त्याच निकालात सांगितले आहे की दिवाणी दाव्यासारखे दुसरे उपाय यामुळे बंद होतीलच असे नाही, आणि माणसाच्या स्वातंत्र्याशी संबंधित हेबियस कॉर्पससारख्या याचिकांना हे बंधन नाही.

वनहक्कात हे कसे येते? २००६ च्या वनहक्क कायद्याप्रमाणे दावा आधी ग्रामसभेपुढे जातो. ग्रामसभेच्या ठरावाविरुद्ध उपविभागीय समितीकडे, आणि उपविभागीय समितीच्या निर्णयाविरुद्ध जिल्हास्तरीय समितीकडे ६० दिवसांत दाद मागता येते. महाराष्ट्रात अनुसूचित क्षेत्रासाठी २०२० मध्ये राज्यपालांच्या अधिसूचनेने त्यावर विभागीय समितीही आली. एखादे कुटुंब मधली पायरी सोडून थेट हायकोर्टात गेले तर न्यायाधीश म्हणतात, आधी समितीकडे जा. मग वकील याचिका मागे घेतात. येथे दोन वेगळ्या मुभा आहेत, त्यांची गल्लत होऊ देऊ नये. एक, समितीकडे जाण्याची मुभा. दुसरी, समितीने न्याय दिला नाही तर पुन्हा हायकोर्टात येण्याची मुभा. आदेशात दोन्ही लिहून घेण्याची विनंती वकिलांना करावी. शिवाय कुटुंबाला हेही सांगावे की, पडताळणीची प्रक्रिया पूर्ण होईपर्यंत कोणालाही वनजमिनीवरून हटवू नये असे याच कायद्याच्या कलम ४(५) मध्ये लिहिले आहे.

५. अंगठा उमटवण्याआधी

दुसऱ्या एका पाड्यावरचे कुटुंब आम्हाला उशिरा भेटले. समोरच्याने आजोबांना गाडीत बसवून कोर्टात नेले होते. “दावा काढून घ्या काका, आपण घरात बसून मिटवू,” असे तो म्हणाला होता. आजोबांनी पुरसिसवर अंगठा दिला. घरात बसून काहीच मिटले नाही. दोन पावसाळ्यांनंतर मुलगा नवा दावा लावायला गेला, तेव्हा जुना आदेश काढून पाहिला. त्यात मुभा नव्हती. जमीन आजोबांची होती यावर कोणीही वाद घालत नव्हते. तरीही त्याच मागणीसाठी दिवाणी कोर्टाचा दरवाजा बंद झाला होता.

यातून पाड्यांवरच्या बैठकीत आम्ही तीन गोष्टी शिकवतो. खरीच तडजोड झाली असेल तर ती लेखी, दोघांच्या सह्यांनी कोर्टापुढे ठेवावी. आदेश २३, नियम ३ प्रमाणे कोर्ट तिचा हुकूमनामा करते, आणि मग ती मोडणाऱ्याला जाब विचारता येतो. दुसरे, तडजोडीच्या नावाखाली आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे जाऊ शकत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ३६-अ प्रमाणे त्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागते, आणि विक्रीसारख्या व्यवहाराला शासनाची पूर्वमान्यताही लागते. तिसरे, वकिलाला द्यायला पैसे नाहीत म्हणून कोणी समोरच्याच्या गाडीत बसू नये. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जमातीच्या व्यक्तीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

६. पौलाने निवडलेला दरवाजा

प्रेषितांची कृत्ये, अध्याय २५ आणि २६ या आठवड्यात घरी वाचावेत. यहूदी पुढाऱ्यांची मर्जी राखण्यासाठी फेस्त पौलाला विचारतो की, तू यरुशलेमेस जाऊन तेथे न्याय घेशील का? तेथे काय होणार हे पौलाला ठाऊक होते. त्याने रोमी नागरिकाचा हक्क वापरून कैसराकडे दाद मागितली. पुढे अग्रिप्पा राजा सगळे ऐकून म्हणाला की, या माणसाने कैसराकडे दाद मागितली नसती तर याला सोडता आले असते. एक पाऊल टाकले की काही वाटा मिटतात, हे तेथेही दिसते. पौलाने मात्र ते पाऊल कोणाच्या गोड बोलण्याने टाकले नाही. कोणती वाट कोठे जाते हे जाणून टाकले.

काही बंधू विचारतात की, अंगरखा मागणाऱ्याला बाह्यवस्त्रही दे, असे शिकवणाऱ्या प्रभूच्या लोकांनी कोर्टात का जावे? मला यात एवढेच कळते: माझा अंगरखा सोडून देण्याची मुभा मला आहे, पण मावशींचे शेत सोडून देण्याची मुभा मला नाही. ते शेत त्यांच्या नातवंडांचे पोट आहे. आणि प्रतिवादीही आपला शेजारीच आहे. म्हणून आपली चूक कोर्टात उघड सांगणे आणि त्याचा खर्च भरून देणे हे आम्ही कर्तव्य मानले.

७. आज स्थिती काय आहे

मावशींचा नवा दावा मुदतीत दाखल झाला आहे. त्यात बरोबर गट क्रमांक, चतुःसीमा आणि मोजणीचा नकाशा आहे. समन्स बजावले गेले आहे, समोरच्याची कैफियत यायची आहे. मनाई हुकुमाच्या अर्जावर सुनावणी बाकी आहे. या खरिपात त्या पट्ट्यात कापूस समोरच्यानेच लावला, हेही सांगितले पाहिजे. निकाल काय लागेल हे आज कोणी सांगू शकत नाही. मात्र मावशींचे म्हणणे आता योग्य जमिनीबद्दल ऐकले जाईल, आणि तुमचे दान त्यासाठीच खर्च झाले आहे.

यापुढे अहवालात ‘मागे घेतला’ हे शब्द आले तर आम्ही प्रत्येक वेळी दोन गोष्टी लिहू: मुभा मिळाली की नाही, आणि नव्या दाव्याची मुदत केव्हापर्यंत आहे. तुम्हीही ते विचारत जा.

मंडळीत चर्चेसाठी प्रश्न

१. दावा मागे घेण्याच्या दोन दरवाजांत फरक कोणता? आपल्या ओळखीच्या एखाद्या कुटुंबाला तो तुम्ही कसा समजावून सांगाल?

२. आपल्या मंडळीत कोणाचा जमिनीचा दावा चालू आहे का? त्यांच्याजवळ शेवटच्या आदेशाची साक्षांकित नक्कल आहे का?

३. स्वतःचा हक्क सोडणे आणि दुसऱ्याचा हक्क सोडून देणे यांत प्रभूच्या शिकवणीप्रमाणे काय फरक आहे?

४. मावशींसाठी, त्यांच्या शेजाऱ्यासाठी आणि दावा ऐकणाऱ्या न्यायाधीशांसाठी नाव न घेता या महिन्यात कोणत्या दिवशी एकत्र प्रार्थना कराल?